दोन अर्ज आणि एक मनगट

कोर्टाच्या आवारात टाइप करून करून ज्यांच्या पाठीचा पार खुळखुळा झाला होता, त्यांना सगळे टाइपकाका म्हणत. सहकारी बँकेची निवडणूक आली की त्यांच्याकडे एखादं पॅनेल ठरलेलं. समोरचे गुंड आहेत, मतदानाला पोलीस द्या, असा अर्ज. मजकूर तोच, नावं तेवढी बदलायची. सव्वीस वर्षं हेच. माणूस विटणार नाही तर काय?

यंदा मात्र त्या अर्जात काकांचा जीव अडकला होता. त्यांची बायको त्याच बँकेत कारकून, आणि मतदानाच्या टेबलावर तिची ड्यूटी. गेल्या खेपेला तिथे खुर्च्या उडाल्या होत्या. एक तिच्या मनगटावर बसली, हाड मोडलं. कोणी फेकली ते त्या गर्दीत कोणालाच दिसलं नाही. काकांनी मन लावून लिहिलं, 'विरोधकांनी फेकलेल्या खुर्चीने एका महिला कर्मचाऱ्याचे मनगट मोडले.'

दोन दिवसांनी विरोधकांचाच वकील आला. त्यांनाही पोलीस हवे होते. काका दमलेले, घरी जायची वेळ झालेली. त्यांनी तोच अर्ज उघडला, नावांची अदलाबदल केली आणि दिला. वर मनात म्हणाले, दोघांनी मागितले म्हणजे पोलीस नक्की मिळतील. घ्या, हे यांचं शहाणपण!

दोन्ही अर्ज न्यायाधीशांसमोर एकाच दिवशी आले. बाई एक, मनगट एक, खुर्ची एक, फेकणारे मात्र दोन. यातलं खरं कुठलं, असं त्यांनी विचारलं. दोन्ही वकिलांनी एकमेकांकडे बोट दाखवलं. घटना रचलेली दिसते, असं म्हणून न्यायाधीशांनी दोन्ही अर्ज फेटाळले.

संध्याकाळी भाजी निवडता निवडता बायकोने विचारलं, पोलीस मिळाले का. थाप मारायचंही त्राण काकांत उरलं नव्हतं. त्यांनी सगळं सांगून टाकलं.

"म्हणजे माझा हात खोटा ठरला," ती म्हणाली.

काकांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. रजा टाक म्हणाले, तर निवडणुकीत रजा कोण देतो, असं तिने विचारलं. तेही खरंच. मग मी येतो सोबत, काका म्हणाले.

"येऊन काय करणार? मारामारी झाली तर टाइप करणार?"

मतदानाच्या दिवशी काका सकाळी सातलाच तिच्याबरोबर तिथे हजर. पिशवीतून त्यांनी फायली बांधायच्या नाड्यांचं बंडल काढलं, जमिनीवर फतकल मारली आणि एका खुर्चीचा पाय दुसरीच्या पायाला बांधायला लागले. अशी अख्खी रांग. शिपाई हसला. निवडणूक अधिकारी आला, बघत उभा राहिला. पोलीस नसल्याने त्याचीही झोप उडालेलीच होती. चालू द्या, म्हणाला.

शेवटची रांग बायकोच्या टेबलासमोरची. तोवर काकांचे गुडघे बोलायला लागले होते, गाठ पुन्हा पुन्हा सुटत होती. ती टेबलामागून उठली, त्यांच्या शेजारी जमिनीवर बसली. जो हात अजून पुरता वळत नव्हता, त्याच हाताचं बोट तिने नाडीवर दाबून धरलं.

"घट्ट मारा," ती म्हणाली. गाठ बसेपर्यंत तिने बोट काढलं नाही.