दामूभाऊंचं सोबर

पेणच्या बाजारातल्या आमच्या कापडाच्या दुकानात दामूभाऊ म्हात्रे गादीवर बसलेले असले, की ते आधी गिऱ्हाइकाच्या अंगावरच्या साडीकडे बघायचे, मग चेहऱ्याकडे, आणि मग मान न वळवता हात मागे नेऊन मांडणीतली नेमकी एक घडी ओढून काढायचे. ती अशी उलगडायचे, की पदर समोरच्या बाईच्या गुडघ्याशी येऊन थांबावा. बाईला काही बोलायची संधी न देता म्हणायचे, "ही बगा. सोबर हाय."

लग्न होऊन मी रोह्याहून पेणला आले ती नव्वद सालानंतर लगेचच. इंग्रजी घेऊन बी. ए. झालेली सून घरात नुसती बसून काय करणार, असं म्हणत सासऱ्यांनी मला दुकानाच्या गल्ल्यावर बसवलं. पहिल्याच दिवशी दामूभाऊंचं ते 'सोबर' मी निदान वीसदा तरी ऐकलं असेल. फिका अबोली सोबर, राखाडी सोबर, बारीक काठाची सोबर. शाळेतल्या बाईंना सोबर, नव्या विहिणीला सोबर आणि नवरा गेलेल्या बाईला तर सोबरच. मुंबईहून मालाचे नमुने घेऊन येणाऱ्या एका एजंटाच्या तोंडून त्यांनी तो शब्द कधीतरी उचलला होता, आणि उचलला तो असा, की पुन्हा खाली ठेवलाच नाही.

नुसत्या साड्यांपुरता ठेवला असता तरी चाललं असतं. पण डब्यात जिताड्याचं कालवण कमी तिखट झालं, तर ते सोबर. पाऊस वारा न करता पडला, तर तोही सोबर. "पोरगा कसा आहे?" असं एखाद्या स्थळाबद्दल कोणी विचारलं, तर "एकदम सोबर. मान खाली घालून जेवला." एकदा माझ्या सासूबाई दुकानात येऊन कोणावरही न ओरडता परत गेल्या, तेव्हा दामूभाऊ माझ्याकडे झुकून हळूच म्हणाले, "वयनी, मालकीनबाय आज सोबर हायत." मी हसू दाबायला हिशेबाच्या वहीत तोंड घातलं.

दामूभाऊ धरमतर खाडीच्या बाजूच्या गावातले. त्यांचा बाप मिठागरात राबायचा आणि दामूभाऊही पोरपणी तिथं मीठ ओढायला जायचे. "सगळा पांढराच पांढरा वो वयनी. डोळं दुखायचं. पयल्यांदा या दुकानात आलो आनि लाल साडी बगितली, तवाच ठरवला, मरंन तर हितंच मरंन." गंमत म्हणजे रंगांसाठी इथं आलेला हा माणूस आयुष्यभर फिके रंग विकण्यात पटाईत झाला. बायकांच्या मनातलं त्यांना कळायचं. गर्द रंग हवासा वाटतो पण लोक काय म्हणतील म्हणून हात मागे घेणारी बाई ते लांबून ओळखायचे. तिच्यासाठी ते अंग फिकं पण काठ गर्द अशी एखादी साडी काढायचे, आणि ती सोबर आहे असं जरा मोठ्यानं, सोबतच्या सासूला ऐकू जाईल असं सांगायचे. कितीतरी बायका त्या शब्दाच्या आडून आपल्या आवडीचा काठ घरी घेऊन गेल्या.

आणि दामूभाऊ प्यायचे. हे पेणच्या बाजारात लहान पोरालाही माहीत होतं. दुकानाचं दार ओढलं की ते गुत्त्याकडे वळायचे. सकाळी कामावर येतानाही थोडी घेतलेली असायची. गादीवर मात्र त्यांचं कधी काही चुकलं नाही. रेशमावरून फिरणारा त्यांचा हात मी कधी थरथरताना पाहिला नाही. सासरे म्हणायचे, बोट ठेवायला जागा नाही, मग काय बोलणार? घरी त्यांची बायको हिराबाई आणि मुलगी सुरेखा यांना त्यापायी काय सोसावं लागत होतं, ते आम्हाला दुकानात बसून दिसत नव्हतं.

एका पावसाळ्यात त्यांचे डोळे पिवळे दिसायला लागले, तेव्हा सासऱ्यांनी त्यांना जबरदस्तीनं डॉक्टरकडे पाठवलं. दुसऱ्या दिवशी दामूभाऊ आले ते पांढरा शर्ट, पांढरा लेंगा अशा थाटात. नेहमीचा चौकड्यांचा शर्ट गायब. बोलणंही खालच्या पट्टीत. मी विचारलं, "काय दामूभाऊ, आज काय विशेष?"

"डाक्टरनी सांगितलाय. म्हनलं, म्हात्रे, यापुढं सोबर राहायचा. मंग म्हटला, राहू. आपल्याला काय कठीन हाय?"

मला हसू फुटलं, पण ते मी आवरलं. हा माणूस डॉक्टरांचं औषध म्हणून पांढरे कपडे घालून आला होता. मी त्यांना बाजूला नेऊन समजावलं, की इंग्रजीत या शब्दाचे बरेच अर्थ आहेत. डोळ्यांत न खुपणारा रंग, तो एक. शांत, समजूतदार माणूस, तो दुसरा. पण डॉक्टरांच्या तोंडी त्याचा अर्थ एवढाच, की दारू न प्यालेला.

दामूभाऊंनी मांडणीवरून एकदा नजर फिरवली. मग म्हणाले, "म्हंजी इतकी वर्सं मी गिऱ्हाइकाला सांगत होतो, ही दारू न प्यालेली साडी हाय?"

आणि हसले. मीही हसले. सासरे गल्ल्यावरून ओरडले, की कामं नाहीत का. त्या दिवसापासून आमच्या दोघांत एक गुपित भाषाच सुरू झाली. जरीनं लखलखणारी भडक साडी निघाली, की दामूभाऊ गिऱ्हाइकाच्या डोक्यावरून माझ्याकडे बघायचे आणि पुटपुटायचे, "हिनी जरा घेतलेली हाय." फारच भडक असली तर "हिला घरी सोडायला पायजे." आता आठवलं की वाईट वाटतं, पण तेव्हा आम्ही पोट धरून हसलो आहोत. चौकड्यांचा शर्ट परत आला. आणि पिणं तर थांबलंच नव्हतं.

सुरेखा रोह्याला एका कंपनीच्या ऑफिसात टायपिस्ट होती. पॅसेंजरनं रोज जायची यायची. बापासारखेच मोठे डोळे, पण ओठ मिटलेले. तिचं लग्न तिथल्याच एका मुलाशी ठरलं आणि लग्नाची साडी घ्यायला ती आईला घेऊन आमच्या दुकानात आली. दामूभाऊंनी त्या दिवशी दुसऱ्या कोणाला गादीजवळ येऊच दिलं नाही. एकामागून एक साड्या काढल्या, स्वतःच नाकारल्या, आणि शेवटी डाळिंबी रंगाचा, भरगच्च काठाचा शालू लेकीच्या खांद्यावर टाकला.

"बाबा, फार भडक आहे," सुरेखा म्हणाली. "जरा सोबर नाही का?"

"लग्नात सोबर कशाला गो? लग्नात घेतलेलीच पायजे," असं म्हणून त्यांनी माझ्याकडे बघून डोळे मिचकावले.

सुरेखाला आमची भाषा माहीत नव्हती, पण इंग्रजी माहीत होतं. तिनं शालूवरून हात फिरवला आणि मान वर न करता म्हणाली, "साडी भडक चालेल मला. तुम्ही सोबर राहा. मला दुसरं काही नको तुमच्याकडून. सासरची माणसं बघत असतील."

दुकानात बाकी गिऱ्हाईक होतं. हिराबाईंनी लेकीचा दंड दाबला. दामूभाऊंनी शालूची घडी घातली, कागदात गुंडाळली, सुतळी बांधली आणि ते पुडकं तिच्या हातात देत म्हणाले, "राहीन."

त्यांच्याकडे हळद म्हणजे काय असते, ते पेणच्या माणसाला सांगायला नको. मांडवात सगळ्या आळीला दारू ओतायची, आणि पोरीच्या बापानं तर पहिला पेला घ्यायचा. दामूभाऊंनी हळदीच्या आधीच सोडली होती. मांडवात मेहुण्यांनी धरलं, चुलतभावांनी शपथा घातल्या, शेवटी चिडून त्यांच्या तोंडाला, मानेला हळद फासली, पण हा माणूस खांबाला टेकून बसून राहिला. हे मला हिराबाईंनी नंतर सांगितलं. त्या म्हणाल्या, "मी लग्न करून आले तवापासनं असा बगितला नव्हता."

लग्न रोह्याला, मुलाकडच्यांच्या सोयीनं तिथल्या एका हॉलमध्ये होतं. रोहा माझं माहेर, म्हणून मी आदल्या दिवशीच जाऊन राहिले होते. सकाळी हॉलवर गेले तेव्हा दामूभाऊ दारातच भेटले. पांढरा शर्ट, डोक्याला टोपी. चेहरा घामानं डबडबलेला. मी नमस्कार केला तर त्यांनी हात जोडले, आणि जोडलेले हात एकमेकांवर थडथडत होते. मला वाटलं, लेकीच्या लग्नाचं दडपण असेल.

अक्षता पडल्या. मग कन्यादानाला भटजींनी बोलावलं. हिराबाई तांब्यातून धार धरणार, ती दामूभाऊंच्या ओंजळीतून जावयाच्या ओंजळीत जाणार. दामूभाऊंनी ओंजळ पुढे केली आणि ती थरथरायला लागली. नुसती बोटं नव्हे, कोपरापासून हात हलत होते. पाणी ओंजळीत राहीना. ते जावयाच्या धोतरावर सांडलं, पाटावर सांडलं, डाळिंबी शालूवर सांडलं. भटजींनी मंत्र सांगितला तर जीभ अडखळली. नवऱ्या मुलाच्या बाजूला कोणीतरी खुदकन हसलं. कोणीतरी म्हणालं, "सकाळी सकाळीच?"

सुरेखानं बापाकडे बघितलं नाही. ती ओल्या शालूकडे बघत म्हणाली, "आजचा एक दिवस तरी, बाबा."

दामूभाऊंनी पुन्हा ओंजळ पुढे केली. तेवढ्यात तिच्या मामानं त्यांना दंडाला धरून उठवलं आणि उरलेला विधी चुलत्यानं केला.

मी मागोमाग बाहेर गेले. हॉलच्या मागं, जेवणाची मोठी पातेली ठेवली होती तिथं, मामानं त्यांना एका खुर्चीवर बसवलं होतं आणि हलायचं नाही असं बजावून तो निघून गेला होता. मला बघितल्यावर दामूभाऊ उठायला लागले, पण उभं राहवेना.

"वयनी, सोबर होतो वो मी."

मी त्यांना परत खुर्चीवर टेकवलं.

"माजा वास घ्या. कोनी वास तरी घ्या वो माजा." ते तोंड पुढे करून बसले होते, औषध घ्यायला मूल बसतं तसे. आचारी बघत होते. मी वाकले. दारूचा वास नव्हता.

मी तशीच आत गेले. मामाला सांगितलं, तो म्हणाला, वहिनी, तुम्हाला नाही कळायचं, आम्ही आयुष्य काढलंय. पाठवणीच्या वेळी सुरेखाला गाठून सांगितलं, मी स्वतः त्यांचा वास घेतलाय, दारूचा नाही. तिनं माझा हात हातात घेतला आणि म्हणाली, "तुमचा जीव आहे त्यांच्यावर, म्हणून म्हणताय तुम्ही." तिच्या डोळ्यांत राग नव्हता. राग असता तर मी भांडले असते.

सोमवारी दामूभाऊ दुकानात आले. चौकड्यांचा शर्ट, हात स्थिर. गादीवर बसले, घडी ओढली, पदर बरोबर गुडघ्याशी आला. गिऱ्हाईक गेल्यावर मी त्यांच्याकडे नुसतं बघितलं. ते म्हणाले, "राहून बगितला वयनी. नाय शोभला मना." त्यानंतर गिऱ्हाइकासमोर त्यांनी तो शब्द कधी उच्चारला नाही. फिक्या साडीला फिकी म्हणू लागले. आमची गुपित भाषाही संपली. एकदा मीच एका चमचमत्या साडीकडे बोट दाखवून म्हणाले, "हिनं घेतलीय वाटतं." ते हसले नाहीत, नुसती घडी घालत राहिले.

पुढच्या दोन वर्षांत ते खंगत गेले. पोट सुजलं, डोळे पुन्हा पिवळे झाले. शेवटी सरकारी दवाखान्यात ठेवलं आणि तिथंच ते गेले. दुकानात मरायचं ठरवलेला माणूस पांढऱ्या चादरीवर गेला, याचं मला आजही वाईट वाटतं.

त्यांचे दिवस झाल्यावर सुरेखा दुकानात आली. आईला साडी घ्यायची होती. दामूभाऊंच्या जागी आम्ही नवा मुलगा ठेवला होता. त्यानं तिच्याकडे बघितलं, कोणासाठी ते ऐकलं, आणि सवयीनं म्हणाला, "मग सोबरच दाखवतो, ताई."

सुरेखा गादीच्या काठावर बसली ती बसूनच राहिली. मी गल्ल्यावरून उठून तिच्याजवळ गेले. मुलाला चहा आणायला पाठवलं.

"वहिनी," ती म्हणाली, "दवाखान्यात त्यांना प्यायला मिळत नव्हती ना, तेव्हा हात हलायला लागले. चमचा धरवेना. मी पाणी पाजायला गेले तर सगळं अंगावर सांडलं. तसंच. अगदी तसंच घाम, तशीच जीभ. मी नर्सला विचारलं, यांनी कुठून घेतली? तिनं सांगितलं, घेतली नाही म्हणूनच होतंय."

मी तिच्या पाठीवर हात ठेवला. ती रडत नव्हती. मांडणीकडे बघत होती, जिथं बापाचा हात न बघता जायचा.

"त्यांना विचारायचं होतं. पण तोवर ते कोणाला ओळखत नव्हते." मग ती माझ्याकडे वळली. "लग्नात तुम्ही त्यांचा वास घेतला होतात ना?"

"हो."

"कसला होता?"

"हळदीचा," मी म्हणाले.