ताप नव्हता

हे मी अजून कुणाला सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, माहेरी नाही, देवळातसुद्धा नाही — तिथं हात जोडते, पण हे वाक्य मनातही येऊ देत नाही. तुम्हाला सांगते आहे, कारण तुम्ही समोर नाही. समोर कुणी असलं की माझा घसा बंद होतो. लहानपणापासून तसंच आहे. चौथीपर्यंत शिकले, तिथंही हजेरीला मी नुसता हात वर करायची.

लोकांना वाटतं, जी बोलत नाही ती खोटंही बोलत नाही. असं का वाटतं लोकांना? खोटं बोलायला तोंडच लागतं का?

दमले आहे हो. म्हणून लिहिते.

आम्ही इकडे कानडी मुलखात, चामराजपेटेत राहतो. माझी थोरली जाऊ — घरात सगळे तिला अक्का म्हणतात — बाहेरच्या खोलीत मशीनवर ब्लाउज शिवायची. तिची मंजू तेव्हा तीन वर्षांची. दुपारभर ती माझ्या ताब्यात असायची, पण माझ्याजवळ यायची नाही. गप्प बसणाऱ्या माणसाजवळ मूल कशाला येईल? मला स्वतःला मूल नाही. हे सबब म्हणून सांगत नाही. होतं तसं सांगते.

सकाळी मी गल्लीच्या टोकाला एका शेडमध्ये कामाला जायची. तिथं आम्ही बायका मऊ रबराची खेळणी भरायचो. बेडूक, मासा, चेंडू. आत कॅनमधलं दाटसर रंगीत पाणी भरायचं, पंक्चरवाल्याकडे असतं तसल्या सोल्युशननं तोंड चिकटवायचं, वरून पावडर चोळायची. माल चिकपेटेतल्या दुकानांत जायचा. बेडूक मुठीत दाबला की थंड लागायचा, बोटांमधून फुगून वर यायचा, डोळे बाहेर यायचे, आणि सोडला की हळूच पुन्हा बेडूक. केळ्याचा वास यायचा त्याला. आम्ही मोठ्या बायकासुद्धा चहा पिताना एक हातात घेऊन बसायचो. माझी छाती धडधडत असली की तो दाबून मला बरं वाटायचं.

पण बोटांची सालं निघायची. डोकं जड व्हायचं. मेस्त्री रोज सांगायचा, "हात धुवून घरी जा. तोंडाला लावू नका हां."

एकदा आमच्यातली पुट्टम्मा म्हणाली, "अय्यो अण्णा, आम्ही नाही लावत. पण पोरं काय याची पूजा करणार आहेत? केळ्याचा वास घातलायत, खाणारच की!"

"त्यांच्या आया बघतील," मेस्त्री म्हणाला. सगळे हसले. मीही हसले.

म्हणजे मला माहीत होतं. हे आधीच लिहून ठेवते.

सोल्युशन नीट न धरलेला माल कोपऱ्यातल्या पिंपात टाकायचे. त्यातला एक हिरवा बेडूक मी कमरेला खोचून घरी आणला. स्वतःसाठीच. मंजूनं तो पाहिला आणि धावत आली — माझ्याकडे, पहिल्यांदा. "कप्पे!" म्हणाली, म्हणजे बेडूक. गल्लीतल्या पोरांकडून ती कानडीच जास्त शिकलेली. मांडीवर बसली. बेडूक दाबत, चावत, चोखत तिथंच झोपली. मी काढून घेतला का? नाही. घेतला असता तर ती उठून गेली असती. रोज दुपारी ती यायची आणि मी बेडूक द्यायची. अक्का यायच्या आत डाळीच्या डब्यात लपवायची. लपवायची, म्हणजे मला कळत होतंच ना?

मग एका संध्याकाळी तिच्या ओठांभोवती फोड दिसले. हनुवटीवर, उजव्या हाताच्या बोटांवर. शेजारची गौरम्मा दारातूनच म्हणाली, "अम्मा आलीय." इकडे देवी आली की तिला अम्मा म्हणतात. सासूबाईंनी मंजूच्या कपाळाला हात लावला. "अंग तर गार आहे," म्हणाल्या. "ताप नसेल तर ही देवी नव्हे, डॉक्टरला दाखवू." आणि माझ्याकडे वळल्या. "तूच होतीस ना हिच्याजवळ? ताप येऊन गेला का गं?"

मी मान हलवली. होय म्हणून.

ताप नव्हता. एक दिवसही नव्हता.

सासूबाई म्हणाल्या, "ही म्हणते म्हणजे झालं. ही कधी उगीच मान हलवायची नाही." दाराला कडुनिंबाचा डहाळा लागला. घरात फोडणी बंद, केस विंचरणं बंद, औषध बंद. देवी अंगात असताना डॉक्टर नाही, असं आमच्याकडे आहे. आणि आणखी एक आहे — त्या दिवसांत मूल जे मागेल ते द्यायचं. मूल मागत नसतं, देवी मागत असते.

मंजू कप्पे मागू लागली.

इथपर्यंत मी पुष्कळदा मनात आले आहे आणि परत फिरले आहे. आज फिरत नाही. ती रडत होती. अक्काला कुठला कप्पे ते कळेना. मी शेडमधून एक खेळणं आणलंय, एवढं सासूबाईंनी पाहिलेलं होतं. त्या म्हणाल्या, "अगं, ते तुझं रबराचं दे की तिला. देवीला नाही म्हणू नये." मी हरवलं म्हणू शकले असते. मान आडवी हलवायची, एवढंच. पण मग त्यांनी शोधलं असतं, हातात घेतलं असतं, वास घेतला असता, माझ्या सोललेल्या बोटांकडे पाहिलं असतं. मी डाळीच्या डब्यातून बेडूक काढला, पुसला आणि तिच्या हातात दिला. फोडांवर तिनं तो दाबून धरला. थंड लागत असेल.

तो तिच्या उशाशी फुटला तेव्हाच तिच्या हातून सुटला. चादर मी कुणी उठायच्या आत धुतली.

फोड सुकले, पण तिथं कातडी पांढरी झाली. ओठांच्या कडेला, हनुवटीवर, तीन बोटांना. पुढं डॉक्टरांनी विचारलं, "रबराचं वगैरे काही तोंडात घालायची का?" अक्का म्हणाली, "नाही हो, अम्मा आली होती." मी पिशवी धरून मागं उभी होते. बेडकानंच झालं का, ते डॉक्टर सांगतील. मला एवढंच ठाऊक आहे की त्यांना वेळेवर विचारायला जायचं ते माझ्या मानेमुळं राहिलं.

त्या दिवसांत अक्कानं एकदा भावोजींसाठी आमटीला फोडणी दिली होती. पांढरे डाग त्यामुळंच राहिले, असं तिनं मनात धरलं आहे. देवी रागावली म्हणते. तेव्हापासून दर मंगळवारी ती मारम्मादेवीच्या देवळात जाते, नाक घासून क्षमा मागते. लिंबांचं ताट धरायला मी बरोबर असते. तिचं कपाळ फरशीला टेकतं, तेव्हा मी ताटातली लिंबं बघत असते.

मंजू आता शाळेत जाते. हसताना तोंडावर हात धरते, आणि मग हातावरचे डाग आठवून हात मागं घेते. वर्गात बोलत नाही. पाहुणे आले की माझ्या मागं येऊन उभी राहते. अक्का त्यांना कौतुकानं सांगते, "लाजाळू आहे हो. काकूवर गेली आहे."

पाहुणे माझ्याकडे बघतात.

मी मान हलवते.