साधे कपडे

मी पोलिसात आहे. मुलाला आणायला वर्दीत जायचं नाही, मूल घाबरतं, असा नियम आहे. म्हणून पंजाबी ड्रेस घालून मी आमलीतल्या चाळीत गेले. मुलगी आईकडे द्या, असा कोर्टाचा आदेश होता. बापाने आदेश वाचला आणि तो बाजूला झाला. मुलगी मला कुणाची तरी मावशी समजून हसत आली. मी तिला उचलून गाडीकडे निघाले, तशी ती किंचाळली. चाळीतली सगळी पोरं बघत होती. टोकरखाड्याला तिला आईकडे सोपवलं आणि घरी येऊन जेवले. काही वाटलं नाही.

आता वर्दीत दिसले की तीच पोरं सलाम ठोकतात. सुट्टीत ड्रेस घालून भाजी आणायला गेले, तर पळत जाऊन दारं लावून घेतात.