वन्संची डोंगरावरची हवा

रविवार, १२ फेब्रुवारी १९८४. वन्संची गादी पिंजायला काढली. त्यांना जाऊन महिना उलटला होता आणि गादी घरात लागणारच होती. पिंजारी दाराशी शिवण उसवत बसला, मी शेजारी भाजी निवडत.

वन्सं म्हणजे माझ्या यजमानांची थोरली बहीण. नवरा गेल्यावर दिघ्याला आमच्याकडे आल्या, तेव्हा दिवसदिवस भिंतीकडे तोंड करून पडून असत. डॉक्टरांनी गोळ्या दिल्या. रात्रीची गोळी मी स्वतः देई आणि पाणी पिऊन होईपर्यंत समोर उभी राही. एक चुकली तर पुन्हा भिंतीकडे वळतील, ही धास्ती. हळूहळू त्या उठल्या, सकाळी मागच्या डोंगरावर जाऊ लागल्या. परतल्या की म्हणत, झाडांच्या हवेत काहीतरी असतं, मन हलकं होतं.

मी रसायनांच्या कंपनीत, प्रयोगशाळेत कामाला. हवेत काहीतरी असतं हे मला कुणी सांगायला नको. त्यानं डोकं दुखतं, घसा धरतो. मन हलकं करणारा वास आमच्या एकाही बाटलीत नव्हता. मला वेगळाच संशय... एकदा मागोमाग गेले. वन्सं खडकावर एकट्याच, रानतुळशीचा पाला तळहातावर चुरडत होत्या. मागे न बघताच म्हणाल्या, "वहिनी, पुरुष शोधतेस? त्या करवंदीमागे बघ, लाजून बसलाय."

मग मी तोच पाला आणून त्यांच्या उशाशी ठेवला. वासच हवा ना, घरी घ्या. संध्याकाळी तो केरात. "डोंगर पिशवीतून येतो होय गं?" मी सुनावलं, गुण गोळीचा आणि नाव डोंगराचं. त्या नुसत्या हसल्या. वाद घातला नाही, तेव्हाच मला शंका यायला हवी होती.

"बाई, हे काय निघालं?" पिंजाऱ्यानं ओंजळ पुढे केली. कापसाच्या गुठळ्यांत चिकटलेल्या, ओलावून सुकलेल्या पांढऱ्या गोळ्या. माझ्यासमोर जिभेखाली धरायच्या आणि माझी पाठ फिरली की शिवणीतून आत...

तरी त्या हवेनंच बऱ्या झाल्या, असं मी लिहून देणार नाही. चालणं असेल. चार भिंतींतून सुटका असेल. माझ्यापासूनही असेल.

दुसऱ्या दिवशी सकाळी कामावर जाण्याआधी डोंगर चढले. त्यांच्या खडकावर बसून डाव्या तळहातावर पाला चुरडला, हुंगला. पुन्हा हुंगला. प्रयोगशाळेच्या दाराशी बेसिन आहे. आत शिरण्याआधी हात धुवायचे, हे नव्या मुलींना मीच शिकवते. त्या दिवशी उजवा तेवढा धुतला.