पेव उघडणारी लक्ष्मीबाई

आमच्या बायकोला मेलेल्या बायांच्या चौकशा फार. नाव चारुशीला. तुळजापुरात मी शाळेत गणित शिकवायचो, अन् ही सोलापूरच्या एका साप्ताहिकात कर्तबगार स्त्रियांची चरित्रं लिहायची. राण्या संपल्या तशी ती गावोगावच्या बायांकडं वळली.

१९६१ साली तिला लोहाऱ्याजवळच्या एका पाटलांची सून सापडली, लक्ष्मीबाई. दुष्काळात सासऱ्याला न विचारता या बाईनं जमिनीतलं ज्वारीचं पेव उघडलं अन् सगळं गाव जगवलं. महिनाभर जुने कागद धुंडाळून चारुशीलानं चरित्र लिहिलं. मी सहज सनांची वजाबाकी केली अन् मला हसू आवरेना.

"अगं, तुझी लक्ष्मीबाई सत्तराव्या वर्षी बाळंत झालीय की!"

ती हसली नाही. दुसऱ्या दिवशी पाटलांकडं जाऊन आली तेव्हा उलगडा झाला. त्या घरात थोरल्या सुनेचं नाव लग्नात बदलून लक्ष्मीच ठेवायचे, पिढ्यान् पिढ्या. हिनं तीन लक्ष्मीबायांची एक केली होती!

"मग पेव कुणी उघडलं?" तिला जेवण जाईना. "माहेरचं नाव कळल्याशिवाय मी छापू देणार नाही. एकीनं केलेलं दुसरीच्या नावावर गेलं तर?"

पाटलांच्या घरातली एक लेक, हरणाबाई, सास्तूरला दिलेली. वय नव्वद. रविवारी आम्ही दोघं तिच्याकडं गेलो.

"पेव व्हय?" म्हातारी लगेच म्हणाली. "ती माझी आजी, गंगम्मा. कानडी मुलखातली. माहेरची माणसं दारातनंच 'गंगम्मा' म्हणून हाक मारायची, अन् आजी पिठाच्या हातानं पळत सुटायची. आमच्यात त्या नावानं कुणी बोलवतच न्हवतं."

चारुशीलाचे डोळे भरून आले. तिनं नाव लिहून घेतलं.

"अन् तुझं माहेरचं नाव काय गं, लेकी?" म्हातारीनं विचारलं.

"अनसूया."

मी चमकलोच. लग्नपत्रिकेत वाचलं असणार. पण ताटातल्या तांदळात अंगठीनं 'चारुशीला' लिहिलं ते मीच, अन् त्यानंतर चौदा वर्षं अनसूया हे नाव माझ्या मनातसुद्धा आलं नव्हतं. मला लाज वाटली, अन् खरं सांगतो, थोडा रागही आला.

"कधी बोलली नाहीस ते!" एसटीत बसल्यावर मी म्हटलं.

"तुम्ही विचारलंत कधी? मी साऱ्या मेलेल्या बायांना विचारत फिरते. मला आज पहिल्यांदा कुणीतरी विचारलं."

नळदुर्ग आलं तसा मी तिच्याकडं वळलो. मग हळूच म्हणालो, "अनसूये."

तिनं ओ दिली. चौदा वर्षांत माझ्या हाकेला इतक्या झटकन ओ तिनं कधी दिली नव्हती.