खैराच्या रानातला माझा दादा

फोन आला तेव्हा मी देवबागच्या घरी मागच्या पडवीत बांगडे साफ करत होते. इस्पितळातल्या बाईंनी विचारलं, वासुदेव तुमचे कोण? भाऊ, म्हटलं. कित्येक वर्षांत हा शब्द मी परक्या माणसापुढे उच्चारला नव्हता... दुसऱ्या दिवशी पेपरात कुख्यात खैरचोर गेल्याच्या चार ओळी आल्या. त्यात खोटं काहीच नव्हतं.

आमचं माहेर घाटाखालच्या गावात, काजूच्या बागेत. आई लवकर गेली. माझी वेणीसुद्धा दादाच घालायचा. त्याच हातांनी पुढे त्याने सरकारी रानातला खैर तोडला, कात करणाऱ्यांना चोरून विकला. मग टोळी जमली, घाटात ट्रक अडवून लुटणं सुरू झालं. त्याची जीप वाजली की गावात दारं लागत. माझ्या लग्नात पाटल्या त्यानेच आणल्या. कुठून, ते मी विचारलं नाही. घातल्या.

मग त्याने एका वनरक्षकावर कोयता चालवला. माणूस वाचला, उजवा हात गेला. आठवड्याने दादा माझ्या दारात उभा. गोव्याकडे निसटायला त्याला आमची होडी हवी होती. संध्याकाळपर्यंत थांब म्हणून मी पान वाढलं. जेवताना तो म्हणाला, "त्येनां हात आडवो घातल्यान, म्हणान घाव हातार बसलो." आणि लोणचं मागितलं.

तो आडवा झाल्यावर मी चालत पोलीस पाटलांकडे गेले.

त्याला नेताना त्याने एवढंच विचारलं, "गो, तू सांगलंस?"

"होय. मीच."

शिक्षा भोगून आला तेव्हा छाती पार पोखरली होती. गावात कोणी थारा देईना, म्हणून मी आणला. यजमान आधी नको म्हणाले, मग तयार झाले. एकदा तो त्या वनरक्षकाच्या घरी जाऊन आला. त्यांनी दार उघडलं नाही. दोन दिवस जेवला नाही. मी त्याला धरून दिलं त्या दुपारबद्दल मात्र आम्ही कधीच बोललो नाही. एखादी शिवी तरी त्याने द्यायची होती...

पळून जगलेल्या माणसाची एक सवय तुरुंगातही मोडली नव्हती. चपला तो मागच्या दारी, खाडीकडे तोंड करून काढायचा. शेवटी उठवेना, तेव्हा मला म्हणायचा, "तोंडां भायर कर गो." मी वाकून त्या वळवून ठेवायचे.

अजून तिथेच आहेत. केर काढताना उचलते, आणि पुन्हा खाडीकडे तोंड करून ठेवते.