रुंद बाजूने धर

माझी आत्या म्युझियमच्या मागच्या खोलीत शंख-शिंपले ओळखायचं काम करायची. कपाटांचे उथळ खण, स्पिरिटचा वास, खिडकीशी एक भिंग. शंखाच्या ओठाची कड, आतले दात, वेटोळे बघून ती त्याची जात सांगायची.

बाबा तिचे थोरले भाऊ. बंदरात पाणबुड्याचं काम करायचे. प्रवाळात काही वेगळं दिसलं की वर आणायचे आणि तिच्या पुढ्यात टाकायचे. "घे. एका शंखाला अजून किती शंख लागतात, देव जाणे!"

ती चिडायची नाही. एवढंच बजावायची, "दादा, शंकूसारखा नक्षीदार दिसला तर जपून. आतली गोगलगाय विषारी असते. रुंद बाजूने धर, निमुळत्या टोकाला हात लावू नकोस." तिच्या जुन्या पुस्तकातही तसंच होतं.

एका सकाळी बाबा तसलाच शंख घेऊन होडीत चढले. "धाकटी नाचेल आज," म्हणाले. तळव्याला काहीतरी टोचल्यासारखं वाटलं म्हणून हात झटकला आणि हसले. मग जीभ जड झाली, पापण्या मिटायला लागल्या. होडी धक्क्याला लागली तेव्हा श्वास थांबला होता.

दवाखान्यात डॉक्टरांनी आत्याला बोलावून घेतलं. होडीवाल्याने शंख डब्यात, पाण्यात ठेवला होता. आत्या वाकून बघत राहिली. निमुळत्या टोकातून गोगलगायीची डंख मारणारी बारीक सोंड बाहेर आली, लांबत गेली आणि मागे वळून थेट रुंद बाजूपर्यंत पोचली.

"दादाने कुठे धरला होता?"

"रुंद बाजूने," होडीवाला म्हणाला. "तुम्हीच सांगितलंत म्हणे."

आत्याने डब्याचं झाकण लावलं.

आईने तिला दारातच अडवलं. "तुझ्या शंखांपायी माझं घर बसलं. पुन्हा उंबरा ओलांडू नकोस."

आत्या धक्क्यावर जायला लागली. होडी-होडीपाशी थांबून सांगायची, "कुठूनही धरू नका. हातच लावू नका." कुणी ऐकायचं, कुणी तोंडावर म्हणायचं, "आधी भावाला सांगायचं होतं." ती मान खाली घालून पुढच्या होडीकडे वळायची. म्युझियममध्ये ती आता किनाऱ्यावर वाहून आलेले रिकामे शंखच घ्यायची. कुणी जिवंत आणला तर त्यालाच तो परत समुद्रात सोडायला लावायची.

पुढे आई आजारी पडली, तेव्हा मीच आत्याला घरी आणलं. आई भिंतीकडे तोंड करून पडली होती. तशीच म्हणाली, "त्यांना दुखलं असेल का गं?"

"नाही, वहिनी. या विषाने फारसं दुखत नाही. अंग लुळं पडतं, मग श्वास बंद होतो."

"कळत असतं?"

आत्या पलंगाच्या कडेला बसली. खोटं बोलली असती तर आम्ही दोघींनीही ते धरून ठेवलं असतं.

"हो," ती म्हणाली. "बराच वेळ कळत असतं."

आई रडली नाही. वळलीही नाही. पण आत्याला जा म्हणाली नाही. त्यानंतर आत्या रोज यायची, आईचं अंग पुसायची, औषध द्यायची. दोघी एकमेकींशी कामापुरतंच बोलायच्या. आई गेली त्या दिवसापर्यंत हे असंच चाललं.